पोचा

शनिवारी सकाळी साडेसातला
ठाकुरद्वारच्या नाक्यावर उभी असते मी,
हातात मिटलेली पिवळी छत्री.
आठ माणसं, फार तर दहा.
पैसे आधी भरलेले, पोटं रिकामी ठेवलेली,
तशी सूचनाच असते माझी.

फणसवाडीत देवळाबाहेर इडली,
दोघांत एक, कारण पुढं खूप आहे.
मग पांजरापोळ. भर बाजारात एवढ्या गाई बघून
कुणीतरी विचारतंच, खऱ्या आहेत?
मी म्हणते, हात लावा.
वासरू बोटं चाटतं, आणि पुण्याच्या बाईंना आठवतं
सॅनिटायझर हॉटेलात राहिला.

मग मनहरभाईंची पानकी.
जिन्याखालचं दुकान, म्हणजे एक तवा, एक बाकडं
आणि कल्हईचं ते तांब्याचं पातेलं.
केळीच्या पानावर पीठ सारवतात, वर दुसरं पान,
तव्यावर दाबून धरतात. पान करपतं.
आतली पानकी सोलून निघते
पानाच्या सगळ्या शिरा अंगावर घेऊन.

पातेल्याच्या कुशीत मोठा पोचा आहे.
पहिल्या वर्षी एका पाहुण्यानं विचारलं, हा कसला?
मला ठाऊक नव्हतं.
गाईडला ठाऊक नाही, हे चालत नाही.
मी म्हणाले, चव्वेचाळीस साली गोदीत स्फोट झाला,
आभाळातून सोन्याच्या विटा पडल्या,
त्यातली एक ह्यात.
सगळ्यांनी फोटो काढले.
पुढच्या शनिवारी जोडलं, की वीट परत केली सरकारला,
प्रामाणिक माणसं.

दिवाळीपर्यंत मनहरभाई स्वतःच सांगू लागले.
त्यांच्या सांगण्यात आजोबा आले,
पातेल्यात तेव्हा ताक होतं हे आलं,
आणि ते उडालं थेट
समोरून जाणाऱ्या भटजींच्या सोवळ्यावर.
एवढं मला सुचलं नसतं.

एकदा दुपारी, चिंच लावून पातेलं घासताना
मान वर न करता बोलले:
मोटाभाईनं फेकलेलं. वाटणीच्या दिवशी.
मला नाही लागलं, भिंतीला लागलं.
राजकोटला गेला तो. सव्वीस वर्षं झाली.
मग नळ बंद केला.
सोन्याचंच बरं आहे, बेन.

मागच्या शनिवारी यादीत शेवटचं नाव:
धनसुख, राजकोट, एक माणूस, शाकाहारी.
पांढरा सदरा, पायांत नवे, चावणारे बूट.
इडली घेतली नाही. गाईंपाशी थांबले नाहीत.
गल्ली आली की
माझ्याआधी वळत होते.

जिन्याखाली पोचलो.
मनहरभाईंनी वर बघितलं, मग तव्याकडं.
एक पान काळं ठिक्कर झालं, तसंच राहिलं.
मी घाईघाईनं पिठाबद्दल बोलू लागले,
तांदूळ किती, दही किती,
तर तेच म्हणाले, पातेल्याचं सांगा ना.
सांगितलं. गोदी, स्फोट, वीट.
आजोबांपाशी आले तशी त्यांनी गोष्ट माझ्या हातातून घेतली,
नेहमीपेक्षा मोठ्यानं, झारा हवेत नाचवत,
ताक, भटजी, सोवळं,
आणि मागं उभे असलेले म्हातारे
सकाळपासून पहिल्यांदा बोलले:
ताक नव्हतं. कढी होती.

कुणीतरी हसलं. पुण्याच्या बाई असाव्यात.
मनहरभाई झारा खाली ठेवत म्हणाले,
हां. कढी.
आणि बाकड्यावरची टोपली उचलून
खाली, पायाशी ठेवली.

फुलगल्लीच्या तोंडाशी मोजले, सात.
नियमाप्रमाणं मागं जायला हवं होतं.
झेंडूच्या ढिगावर कुणी बादलीभर पाणी मारलं,
मी छत्री वर धरली,
म्हटलं, सावकाश, घसरतंय इथं,
पुढं जिलेबी आहे.